यतीमचा माल आणि एका लॉर्डची गोष्ट

गेल्या महिन्यात शाळा सुटल्यावर एक आई मला भेटायला आल्या. त्यांचा मुलगा माझा जुना विद्यार्थी. तो चौथीत असताना त्याचे वडील ट्रकच्या अपघातात गेले. पुढे कोर्टाकडून नुकसानभरपाई मिळाली आणि मुलाच्या वाट्याची रक्कम तो अठरा वर्षांचा होईपर्यंत बँकेत ठेव म्हणून पडून राहिली. आता तो अठराचा झाला आहे आणि ठेवीची मुदत संपली आहे. मुलगा दिवसभर मोबाइलवर असतो. क्रिकेटच्या कुठल्यातरी खेळात पैसे लावतो, असे त्याच्या मामांच्या कानावर आले. आईने विचारले तेव्हा तो म्हणाला, "अम्मी, तो जुगार नाही, डोक्याचा खेळ आहे."

त्या बाई माझ्यासमोर दुपट्ट्याचे टोक पिळत बसल्या होत्या. म्हणाल्या, "टीचर, पैसा त्याचाच आहे. माझा एक रुपयाही नाही त्यात. पण मी त्याला म्हटलं की आत्ता काढू नकोस, तर यतीमचा हक्क मारल्याचा गुनाह माझ्यावर येईल का? मरहूमांच्या जिवाचा पैसा आहे हो तो."

यतीमचा माल खाण्याबद्दल कुरआनात किती सक्त ताकीद आहे, हे आपल्या घराघरांत माहीत आहे. त्यामुळेच त्या घाबरल्या होत्या. मी त्यांना जे सांगितले ते पुढे येईलच. पण त्यांच्याशी बोलत असताना माझ्या मनात एक इंग्रज लॉर्ड घोळत होता. आधी त्याची गोष्ट सांगते.

माझे विषय उर्दू आणि मराठी. पण आमच्यासारख्या शाळेत ऑफ तासाला काहीही शिकवावे लागते. आठवीच्या इतिहासात पेशवाईचा अंत येतो. 1817 च्या नोव्हेंबरमध्ये खडकीची लढाई, 1818 मध्ये दुसऱ्या बाजीरावांची शरणागती. त्या वेळचा गव्हर्नर जनरल होता लॉर्ड हेस्टिंग्ज. मुले हमखास "वॉरन हेस्टिंग्ज" लिहितात आणि गुण घालवतात. वॉरन वेगळा, तो चाळीस वर्षे आधीचा. हा फ्रान्सिस रॉडन-हेस्टिंग्ज. नेपाळच्या युद्धानंतर त्याला 'मार्क्विस ऑफ हेस्टिंग्ज' हा किताब मिळाला, तोही 1817 मध्येच.

या माणसाने मराठ्यांचे राज्य बुडवले, पण त्याला स्वतःच्या घरचा हिशेब कधी जमला नाही. मराठवाड्यातल्या वाचकांना आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. त्या काळी हैदराबादच्या निजाम सरकारला जबर व्याजाने कर्ज देणारी पामर आणि कंपनी नावाची पेढी होती. हेस्टिंग्जने लहानाची मोठी केलेल्या मुलीचा नवरा त्या पेढीत भागीदार होता. 1820 मध्ये पेढीच्या 60 लाखांच्या कर्जाला हेस्टिंग्जने मंजुरी दिली. पुढे नवा रेसिडेंट मेटकाफ याने हे प्रकरण बाहेर काढले. हेस्टिंग्जने स्वतः पैसा खाल्ल्याचे सिद्ध झाले नाही, पण त्याची कारकीर्द डागाळली. 1823 मध्ये तो मायदेशी परतला आणि पैशाच्या ओढाताणीमुळे उतारवयात माल्टाची नोकरी पत्करून तिकडे गेला. 1826 मध्ये नेपल्सजवळ जहाजावर तो मरण पावला. माझा उजवा हात कापून ठेवा आणि पत्नी वारली की तिच्याबरोबर दफन करा, असे तो सांगून गेला होता आणि तसे केलेही गेले. इंग्रजांच्या काही गोष्टी ऐकून नवलच वाटते.

मी म्हणते तो लॉर्ड म्हणजे या गव्हर्नर जनरलचा नातू हेन्री. त्याचा जन्म जुलै 1842 चा. तो दीड वर्षाचा असताना वडील गेले. मग थोरला भाऊ मार्क्विस झाला, तो 1851 मध्ये बुडून मेला. आठ वर्षांच्या हेन्रीच्या डोक्यावर आजोबांचा किताब आला. सोळाव्या वर्षी आईही गेली. इंग्लंडात लेस्टरशायरमधला डॉनिंग्टन हॉल, स्कॉटलंडमधली लाउडनची जमीन, असे सारे त्याच्या नावावर. तो वयात येईपर्यंत कारभार पाहायला विश्वस्त होते. शिक्षणही मोठ्या घरच्या मुलांसारखे, आधी ईटन आणि मग ऑक्सफर्डचे क्राइस्ट चर्च कॉलेज.

इंग्लंडच्या कायद्याप्रमाणे त्या वेळी सज्ञान होण्याचे वय 21 होते. जुलै 1863 मध्ये हेन्री एकवीस वर्षांचा झाला आणि सारा कारभार त्याच्या हाती आला.

तोवर घोड्यांचा नाद लागलेलाच होता. पुढच्या चार वर्षांत त्याचे शर्यतीचे घोडे पन्नासच्या घरात गेले. तो सकाळी नाश्त्याला जिनमध्ये तळलेला बांगडा खायचा, असे सांगतात. एकदा लंडनच्या नाचघरात त्याने पोत्यातून शेकडो उंदीर सोडले आणि दिवे घालवले. त्याच्याभोवती हसणारे, टाळ्या देणारे आणि कर्ज देणारे यांचा घोळका असे. पॅडविक नावाचा सावकार तर अशा तरुण वारसदारांवरच जगत होता.

1864 मध्ये हेन्रीने असा एक उद्योग केला की साऱ्या लंडनात बोभाटा झाला. हेन्री चॅप्लिन नावाचा दुसरा श्रीमंत तरुण होता. दोघे एकाच कॉलेजचे, दोघांनाही घोड्यांचा शौक. चॅप्लिनचे लग्न लेडी फ्लॉरेन्स पॅजेट हिच्याशी ठरले होते. तयारी चालू होती, आहेर येत होते. जुलैच्या एका सकाळी ती खरेदीच्या निमित्ताने एका मोठ्या दुकानाच्या पुढच्या दाराने आत गेली आणि मागच्या दाराने बाहेर पडली, असे सांगतात. तिथून थेट चर्चमध्ये जाऊन तिने हेस्टिंग्जशी लग्न केले. चॅप्लिनला नंतर चिठ्ठी मिळाली. त्याने चारचौघांत एक शब्द काढला नाही.

पुढच्या वर्षी चॅप्लिनने एक हजार गिनी मोजून एक वर्षाचा शिंगरू विकत घेतला. त्याचे नाव हर्मिट, म्हणजे एकांतात राहणारा फकीर. लिलावात त्याच्याविरुद्ध बोली लावणाऱ्यांत हेस्टिंग्जही होता.

इथे शर्यतीचा व्यवहार थोडा सांगायला हवा, नाहीतर पुढचे कळणार नाही. लंडनजवळ एप्समला 1780 पासून डर्बी नावाची शर्यत होते. त्यात फक्त तीन वर्षांचे घोडे धावतात आणि अंतर साधारण दीड मैल. त्या काळी डर्बीच्या दिवशी ब्रिटिश पार्लमेंटला सुटी असे. लोक एखाद्या घोड्यावर पैसे लावत, तसे एखाद्या घोड्याविरुद्धही लावत, म्हणजे हा जिंकणार नाही अशी पैज. जिंकण्याची आशा जितकी कमी, तितका भाव मोठा. एकास सहासष्ट भाव म्हणजे घोडा जिंकला तर एका पौंडाला सहासष्ट पौंड. हेस्टिंग्जने हर्मिटविरुद्ध पैसे लावायला सुरुवात केली आणि लावतच गेला. त्यात हिशेब किती आणि चॅप्लिनला खाली पाहायला लावण्याची खुमखुमी किती, हे अल्लाहच जाणे. मला वाटते दुसरेच जास्त.

1867 ची डर्बी 22 मे ला होती. त्याच्या जेमतेम आठवडाभर आधी सरावात हर्मिटच्या नाकातून रक्त आले. घोडा संपला असे सगळे म्हणू लागले आणि भाव सहासष्टवर गेला. चॅप्लिनने तरीही त्याला उतरवले. मे महिना असून त्या दिवशी बोचरा वारा होता आणि बर्फ पडत होते. तीस घोडे रांगेत उभे. सुरुवात चुकायची, पुन्हा सगळे मागे फिरायचे. असे दहा वेळा झाले. नाजूक घोडे थंडीत काकडून गेले. शेवटी शर्यत सुटली आणि अखेरच्या काही पावलांत हर्मिट मानेइतक्या अंतराने पुढे निघून जिंकला.

हेस्टिंग्ज त्या दिवशी एक लाख वीस हजार पौंड हरला. त्यातले वीस हजार एकट्या चॅप्लिनचे देणे होते. रकमेचा अंदाज यावा म्हणून सांगते. त्या काळी इंग्लंडातल्या शेतमजुराची वर्षाची कमाई चाळीस पौंडांच्या आत होती. म्हणजे तीन हजार मजुरांची वर्षभराची मेहनत काही मिनिटांत गेली. आणि हा लॉर्ड काय करतो? परत येणाऱ्या हर्मिटकडे हसत जातो आणि त्याची मान थोपटतो. पाहणाऱ्यांनी वाहवा केली. याला म्हणतात खानदानी!

पैजेचे पैसे कोर्टात जाऊन वसूल करता येणार नाहीत, असा तिथे 1845 पासून कायदाच होता. मनात आणले असते तर तो नाही म्हणू शकला असता. पण दुकानदाराचे बिल वर्षानुवर्षे थकवणारे हे लोक जुगाराच्या देण्याला 'इज्जतीचे देणे' म्हणत. ते चुकवले नाही तर मैदानात आणि क्लबात पाऊल ठेवायची सोय नसे. लाउडनची जमीन विकली गेली, तीन लाख पौंडांना. ज्या लाउडनला आजोबांचा हात पाठवला होता, तेच हे लाउडन. चॅप्लिनने, ज्याची वाग्दत्त वधू याने पळवली होती, पैसे फेडायला मुदत दिली.

एवढे झाल्यावर कोणीही थांबेल, असे आपल्याला वाटते. पण ज्यांनी घरात जुगारी पाहिला आहे त्यांना असे वाटत नाही. हरलेले परत मिळवायचे, ही त्या रोगाची दुसरी पायरी. हेस्टिंग्जकडे लेडी एलिझाबेथ नावाची दोन वर्षांची विलक्षण वेगवान घोडी होती. कर्ज वाढत होते म्हणून तिला त्याच वर्षी पुन्हा पुन्हा धावायला लावले. तेरापैकी बारा शर्यती तिने जिंकल्या. हरली ती एकच, पण तिच्यावर त्याने फार मोठी रक्कम लावली होती. पुढच्या वर्षी, 1868 च्या डर्बीत सगळ्यांचा पैसा तिच्यावर होता, पण कोवळ्या वयात पिळून काढलेल्या त्या घोडीत काही उरलेच नव्हते. ती पहिल्या तिघांतही आली नाही. हेस्टिंग्जकडे 'द अर्ल' नावाचा दुसरा चांगला घोडा होता, पण त्याचे नाव शर्यतीच्या आदल्या दिवशी काढून घेतले होते. काही दिवसांनी त्याच घोड्याने पॅरिसची मोठी शर्यत जिंकली, तेव्हा लोक खवळले. शर्यतींच्या जगातले वजनदार गृहस्थ अॅडमिरल राउस यांनी 'द टाइम्स'मध्ये पत्र लिहिले. दोष लॉर्डपेक्षा त्याच्या सावकाराचा आणि घोडे तयार करणाऱ्याचा आहे, हा कोळ्याच्या जाळ्यातली माशी झाला आहे, असा त्यांचा रोख होता. पत्र खरमरीत होते, पण पाच वर्षे उशिरा आलेले.

तोवर दारूने प्रकृतीही पोखरली होती. 10 नोव्हेंबर 1868 रोजी हेन्री हेस्टिंग्ज लंडनमध्ये मरण पावला. वय अवघे 26. मूलबाळ नव्हते, म्हणून मार्क्विसचा किताबही त्याच्याबरोबर संपला. अखेरच्या दिवसांत तो मित्राला म्हणाला म्हणे की हर्मिटच्या डर्बीने आपले काळीज फोडले, पण आपण ते दिसू दिले नाही.

मला या गोष्टीत हे वाक्य सगळ्यात जास्त लागते. त्याला लहानपणापासून एवढे एकच शिकवले होते, दिसू द्यायचे नाही.

आता घोड्यांबद्दल, कारण हे वाचून कोणी म्हणेल की शर्यतच हराम. तसे नाही. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी मदीनेत घोड्यांच्या शर्यती लावल्या. तयार केलेल्या घोड्यांसाठी हफियापासून सनियतुल विदापर्यंत लांबचे अंतर आणि तयार नसलेल्यांसाठी तिथून बनू जुरैकच्या मशिदीपर्यंत कमी अंतर. हजरत अब्दुल्लाह इब्न उमर (रजि.) स्वतः त्यात धावले होते. बुखारी शरीफमध्ये हे आले आहे. जनावराच्या ताकदीप्रमाणे अंतर ठरवणे, ही गोष्ट लेडी एलिझाबेथच्या मालकाला कोणीतरी सांगायला हवी होती. इंग्लंडच्या शर्यतीच्या घोड्यांची वंशावळ ज्या तीन नरांपासून धरतात, त्यांतला डार्ली अरेबियन हा तर 1704 मध्ये हलबहून, म्हणजे सीरियातून नेलेला घोडा. बक्षीस तिसऱ्याने ठेवले तर उलमा ते जायज मानतात. दोन्ही बाजूंनी पैसे लावले, म्हणजे एक हरेल तेव्हाच दुसऱ्याला मिळेल, की तो मैसिर, जुगार. मग समोर घोडा असो की मोबाइलमधला क्रिकेटचा संघ. 'डोक्याचा खेळ आहे' हे तर हेस्टिंग्जही म्हणाला असता. घोड्यांची पारख त्याला खरोखरच होती.

तर त्या आईंचा प्रश्न. यतीमच्या मालाबद्दलची ताकीद आपण सारे ऐकतो, पण सूरह निसाच्या पाचव्या आणि सहाव्या आयतीत आणखी एक गोष्ट आहे, ती आपण कमी ऐकतो. माल नादानांच्या हाती सोपवायचा नाही. यतीमांची परीक्षा घेत राहायची, आणि ते निकाहच्या वयाला पोहोचले व त्यांच्यात रुश्द दिसले, तेव्हा त्यांचा माल त्यांना द्यायचा. नुसते वय पुरेसे नाही, वय आणि रुश्द दोन्ही हवे. रुश्द म्हणजे समज, भलेबुरे ओळखून माल सांभाळण्याची अक्कल. इमाम अबू हनीफा (रह.) यांच्या मते समज दिसली नाही तर 25 वर्षांपर्यंत माल रोखून ठेवता येतो. इमाम शाफई (रह.) आणि इतर इमामांच्या मते तर समज दिसेपर्यंत, मग वय कितीही होवो. आपल्याकडे कोकणात शाफई आणि घाटावर हनफी घरे जास्त, म्हणून दोन्ही सांगितले. बारकाव्यांसाठी आपापल्या आलिमांना विचारावे.

हेस्टिंग्जच्या विश्वस्तांनी माल सांभाळला आणि ठरल्या तारखेला दिला. कायद्याच्या नजरेने त्यांनी अमानत पार पाडली. पण त्या मुलाची परीक्षा कोणी घेतल्याचे कुठे दिसत नाही. चॅप्लिनचेही वडील लहानपणीच गेले होते. त्याला चुलत्यांनी जवळ ठेवून वाढवले. तो पुढे मंत्री झाला, त्याचा हर्मिट सात वर्षे देशातला सर्वांत नामांकित वळू ठरला. म्हणून चॅप्लिनला फार शहाणाही समजू नका. हौसेपायी त्याचीही जमीन अखेर गेली, फक्त सावकाश गेली.

मी त्या आईंना म्हटले, "आपा, रोखणं म्हणजे खाणं नव्हे. पण कायद्याने बँक पैसे त्यालाच देणार, तुमच्या हाती अडवणं नाहीच. तुमच्या हाती परीक्षा घेणं आहे." मुफस्सिरांनी या परीक्षेची रीतही सांगितली आहे. थोडी रक्कम हाती देऊन व्यवहार करू द्यावा आणि तो कसा करतो ते पाहावे.

त्या गेल्या. घरी काय बोलणे झाले ते मला माहीत नाही, रडारड झाली असणार. नंतर मामांना मध्ये घालून असे ठरले की ठेव पुन्हा दोन वर्षांसाठी ठेवायची. मुलगा स्वतः बँकेत जाऊन सही करून आला. वीस हजार त्याने काढले. त्यात तो मोबाइलची कव्हरे आणि चार्जर आणून शुक्रवारच्या बाजारात विकतो. हिशेब वहीत लिहायचा आणि महिन्याच्या शेवटी मामांना दाखवायचा, अशी अट आहे.

परवा तो वही घेऊन माझ्याकडेच आला. मामांना दाखवण्याआधी टीचरने एकदा बघावी, असे त्याचे म्हणणे होते. बेरीज तीनशे चाळीस रुपयांनी चुकत होती. आम्ही दोघे अर्धा तास बसलो आणि ते तीनशे चाळीस शोधले. रिक्षाचे भाडे लिहायचे राहिले होते.